आपली बडोद्याची गोष्ट १८७५ पासूनच का सुरू होते?

राजमहालरोड

बरेच दिवस डोक्यात घोळतंय ते आज टाकून मोकळा होतो. लांबलंय, आधीच सांगतो.

बडोद्यातल्या कुठल्याही मराठी घरात बसा आणि जुना विषय काढा, पाच मिनिटांत गाडी सयाजीराव महाराजांवर येते. सक्तीचं शिक्षण, लायब्ररी, कलाभवन, आजव्याचं पाणी, बँक, लक्ष्मी विलास, बाबासाहेबांना स्कॉलरशिप, आणि मग आवाज थोडा खाली आणून १९११ च्या दिल्ली दरबारात बादशहाला पाठ कशी दाखवली ते. अभिमान मलाही आहेच, माझे आजोबा कोठी कचेरीत कारकून होते, आमच्याकडे महाराजांचा फोटो देवांच्याच लायनीत आहे. पण ही सगळी गोष्ट २७ मे १८७५ ला सुरू होते, म्हणजे नाशिककडच्या कवळाण्याच्या बारा वर्षांच्या गोपाळरावाला जमनाबाईंनी दत्तक घेतलं त्या दिवशी. त्याच्या आधी गायकवाड इथे दीडशे वर्षं होतेच की! त्या दीडशे वर्षांबद्दल आपल्या घरांतून चकार शब्द निघत नाही.

का निघत नाही ते उघड आहे. त्या अर्ध्या गोष्टीत आपण लायब्ररीवाले नसतो, फौजवाले असतो. सोनगडच्या किल्ल्यावर ठाण मांडायचं, तिथून उतरून चौथाई वसूल करायची, पिलाजीरावांनी सुरुवात केली, डाकोरला त्यांचा खून झाला १७३२ ला, मग दमाजीरावांनी १७३४ ला बडोदं परत घेतलं ते कायमचं. आणि काठेवाडातली मुलुखगिरी! दरवर्षी फौज घेऊन जायचं, खंडणी हातात पडेपर्यंत गावाबाहेर तळ ठोकून बसायचं, उभ्या पिकात घोडी. १८०७ साली इंग्रजांच्या कर्नल वॉकरने प्रत्येक ठाकोराची (तिथल्या छोट्या राजांची) रक्कम ठरवून दिली, त्यानंतर फौज न्यायची गरज राहिली नाही. म्हणजे वसुली बंद नाही झाली हां, इंग्रजांच्या हमीने सुरळीत झाली.

आणि १८७५ तरी काय आहे? तेव्हाचे राजे मल्हारराव गायकवाडांवर रेसिडेंट (दरबारातला इंग्रजांचा प्रतिनिधी) कर्नल फेअरला विष घातल्याचा आरोप झाला, सरबतात आर्सेनिक आणि हिऱ्याची पूड. चौकशीला तीन इंग्रज आणि तीन हिंदी माणसं बसवली. इंग्रज म्हणाले दोषी, हिंदी सदस्यांना ते पटलं नाही, फिफ्टी-फिफ्टी. तर सरकारने सांगितलं की विषाचं राहू दे, कारभार वाईट आहे म्हणून काढतो. काढलं! आणि कारभार कोणाच्या हातात दिला, तर सर टी. माधवराव, तंजावरकडचे मराठी, आधी त्रावणकोरचे दिवाण मग इंदूरचे, इंग्रजांच्या पूर्ण विश्वासातले. पोरगा सज्ञान होईपर्यंत राज्य त्यांनीच चालवलं, पोराला शिकवायला इलियट नावाचा इंग्रज. आपल्या सुवर्णकाळाची पायाभरणी अशी झाली.

मग आपण नक्की कोण? जिंकायला आलेल्यांची पोरं, इंग्रजांनी ठेवलेले मानकरी, की गुजरातचे साधे रहिवासी ज्यांच्या घरात वरणभात आणि कढी दोन्ही होतं? मला वाटतं तिन्ही, पण आपण फक्त सोयीचा तुकडा सांगतो. तुम्हाला काय वाटतं?

पेठेतला

झालं सुरू. चौथाई म्हणजे लूट हे इंग्रजांनी लिहून ठेवलं आणि आपले लोक तेच पाठ म्हणतात. मोगल सुभेदार काय फुलं वाटत होते का गुजरातेत?

राजमहालरोड

@पेठेतला नव्हतेच वाटत, म्हणून तर रयतेला दोन दोन ठिकाणी भरावं लागत होतं, मोगलांनाही आणि आपल्यालाही. आणि इंग्रजांचं सोडा हो, १ एप्रिल १७३१ ला डभोईजवळ लढाई झाली ती कोणात? एका बाजूला बाजीराव पेशवे, दुसऱ्या बाजूला सेनापती त्र्यंबकराव दाभाडे आणि त्यांच्याबरोबर पिलाजी गायकवाड. दाभाडे तिथेच पडले. गुजरातची वसुली कोणाची यावर मराठ्यांनी मराठ्यांना मारलं. ते इंग्रजांनी नाही घडवलं.

आणि तुम्ही पुण्याचे म्हणून सांगतो, आमचा वकील गंगाधरशास्त्री हिशेब मिटवायला तुमच्याकडे आला होता १८१४ ला. १८१५ च्या आषाढात पंढरपुरात त्याचा खून पडला. इंग्रजांच्या हमीवर आलेला माणूस, त्यामुळे त्यांना आयतं कारण मिळालं, पेशव्यांचा कारभारी त्र्यंबकजी डेंगळे आत गेला आणि तीन वर्षांत पेशवाई पण. बडोद्याने फार काही न करता पेशवाई बुडवायला हातभार लावला असं म्हणायला हरकत नाही :)

पेठेतला

शास्त्री मुळात कोणाच्या जिवावर उड्या मारत होता तेही लिहा की. तुमचे गायकवाड १८०२ लाच इंग्रजांच्या कुशीत जाऊन बसले होते.

राजमहालरोड

तेच तर म्हणतोय मी! तुम्ही माझ्याच बाजूने भांडताय.

डभोईवाला

दादा, विषय मस्त पण १८७५ च्या आधी नुसती फौजच होती असं नका लिहू. भारतातली पहिली नॅरोगेज लाइन कुठली? डभोई ते मियागाम, १८६२, खंडेराव महाराजांनी स्वतःच्या पैशांनी टाकली. बीबीसीआय रेल्वे कंपनीची मेन लाइन मियागामवरून जाणार होती, तिला आपला कापूस पोचवायचा, असा सरळ व्यापारी हिशेब. आणि गंमत बघा, रूळ इतके हलके टाकले की इंजिनाचं वजन पेलेना, मग वर्षानुवर्षं त्या रुळांवरून डबे बैलांनी ओढले! नंतर १८७३ च्या सुमाराला रूळ बदलून इंजिन नीट चालू झालं.

मला नेहमी वाटतं की आधुनिकता आधुनिकता म्हणतात ती बहुतेक वेळा अशीच येते. रूळ विलायती, ओढायला बैल. आणि लोक त्यालाच आगगाडी म्हणून बघायला गर्दी करत असणार.

त्याच खंडेरावांनी चांदीच्या तोफा ओतल्या आणि मोत्यांची चादर करून घेतली हे पण आहेच. एकाच माणसाच्या डोक्यात दोन्ही मावत होतं.

वाडीची_वहिनी

तुम्ही सगळे लढाया आणि रूळच का बघता? माझ्या मते बडोद्याची खरी गोष्ट वाड्यांच्या आतल्या भिंतींवर आहे. रावपुऱ्याजवळचा तांबेकर वाडा बघितलाय का कोणी आतून? (बाहेरून बोर्ड वाचून परत येणारे धरत नाही.) दिवाण भाऊ तांबेकरांचा वाडा, आता पुरातत्त्व खात्याकडे आहे. आत खोलीभर भिंती रंगवलेल्या, इंच मोकळा नाही. कृष्णलीला, महाभारत, आणि त्याच भिंतींवर इंग्रज आणि मराठ्यांची लढाई, लाल डगलेवाले सोल्जर आणि आपले घोडेस्वार. पाहणाऱ्याला एकदम खटकत नाही हीच गंमत, कारण चितारी तोच, रेषा तीच, डोळे सगळ्यांचे एकाच वळणाचे. गोरा साहेब पण त्याने आपल्या पुराणातल्या माणसासारखाच काढलाय. ज्यांच्या राज्यात रेसिडेंट डोक्यावर बसला होता त्यांचा दिवाण घरात ही लढाई रंगवून घेतो आणि रोज तिच्याखाली बसून जेवतो, हे मला कुठल्याही तहापेक्षा जास्त सांगून जातं.

दुसरं, तंजावरचं नाव तुम्ही माधवरावांपुरतंच घेतलंत. पहिल्या चिमणाबाई तंजावरच्या, मोहित्यांच्या, लग्न १८८० चं. त्यांच्याबरोबर आंदणात नर्तकी आणि त्यांचे वाजवणारे आले. म्हणजे शिवाजी महाराजांच्या भावाने तमिळ मुलखात राज्य केलं, तिथे मराठी दरबाराने तमिळ नाच पोसला, आणि दोनशे वर्षांनी तो नाच लग्नाच्या वऱ्हाडाबरोबर गुजरातेत! त्यांच्यातल्याच एकीचे चिरंजीव कुबेरनाथ तंजोरकर पुढे इथल्या एमेस (महाराजा सयाजीराव) युनिव्हर्सिटीत भरतनाट्यम शिकवायला होते. आज माझ्या शेजारची शाहांची मुलगी अरंगेत्रम करते तेव्हा तिला यातलं काहीही माहीत नसतं आणि नसलं तरी तिचं काही अडत नाही.

संगीताचं तर काय सांगू. मौलाबक्षांनी १८८६ ला गायनशाळा काढली राज्याच्या पैशांनी, स्वतःची नोटेशन बसवली, चोपड्या छापल्या. त्यांचे नातू इनायत खान इथे जन्मले, १९१० ला अमेरिकेला गेले आणि तिकडे सूफी गुरू म्हणून प्रसिद्ध झाले. पहिली अखिल भारतीय संगीत परिषद भातखंड्यांनी १९१६ ला भरवली तीही बडोद्यातच. उस्ताद आग्र्याचे, राजा मराठी, श्रोते गुजराती, पुस्तक इंग्रजी धर्तीचं. यात "आपलं" काय आणि "त्यांचं" काय ते वेगळं काढून दाखवा मला.

लष्करकर

वहिनी एक नंबर. ग्वाल्हेरहून हजेरी लावतो.

राजमहालरोड भाऊ, तुमच्या मल्हाररावांच्या चौकशीत जे तीन हिंदी सदस्य होते त्यातले दोघे आमच्याकडचे. महाराज जयाजीराव शिंदे आणि सर दिनकरराव राजवाडे, तिसरे जयपूरचे महाराज. म्हणजे एका मराठी राजाचा निकाल करायला इंग्रजांनी दुसरा मराठी राजा बसवला, आणि त्याने इंग्रजांना हवं ते म्हटलं नाही. हे लोक विसरतात कारण जयाजीरावांबद्दल लोकांना एकच माहीत असतं, १८५८ ला इंग्रजांची बाजू घेतली ते.

आमच्याकडे तर गोष्ट सुरू कुठून करायची हा प्रश्न तुमच्यापेक्षा बिकट आहे. मी ज्या भागात राहतो त्याचं नावच लष्कर, दौलतराव शिंद्यांनी १८१० ला फौजेचा तळ टाकला तो उठलाच नाही, त्याचं शहर झालं. पत्ता लिहिताना रोज लिहितो की आम्ही इथे छावणी टाकून बसलोय. आणि गावाच्या डोक्यावर किल्ला, तो १८५८ पासून १८८६ पर्यंत इंग्रजांकडे होता, झाशी देऊन परत घेतला. झाशी! शाळेत हे शिकवताना मास्तर जरा भरभर पुढे जातात.

पण गाण्याबद्दल वहिनींना जोड देतो. हद्दू-हस्सू खानांचं गाणं वासुदेवबुवा जोशींकडे आलं, त्यांच्याकडून बाळकृष्णबुवा इचलकरंजीकर घेऊन गेले दक्षिणेत, त्यांच्याकडून पलुसकर. आज पुण्या-मिरजेत जे "आपलं" गाणं म्हणतात त्याचा एक मोठा ओघ आमच्या लष्करातून आलाय. पेठेतल्यांनी नोंद घ्यावी.

पेठेतला

घेतली. गाण्यात वाद नाही.

इंदुरी_शेव

आमच्या इंदुरात बघा कोई झंझटच नाही, आम्ही गोष्ट सरळ अहिल्याबाईंपासून सुरू करतो आणि त्यांच्यावरच संपवतो. मल्हारराव होळकर पेंढारी घेऊन कुठे कुठे गेले, १८१८ च्या मंदसोर तहात काय काय सोडलं, तुकोजीराव तिसऱ्यांना १९२६ ला गादी का सोडावी लागली, हे विचारायचं नाही. अहिल्याबाईंनी घाट बांधले, देवळं बांधली, जयजयकार, पोहे-जलेबी.

सिरियसली बोलायचं तर आमच्याकडे एक गोष्ट तुमच्यापेक्षा वेगळी झाली असं वाटतं. महात्मा गांधींच्या अध्यक्षतेखाली १९१८ ला हिंदी साहित्य संमेलन भरलं ते आमच्या इंदुरात, होळकरांच्या राज्यात. तिथून त्यांनी हिंदीचा प्रचार दक्षिणेत न्यायचं ठरवलं. मराठी राजाच्या शहरातून हिंदी मद्रासला गेली! आणि आम्ही घरात मराठी बाहेर हिंदी असे इतके रुळलो की आता घरातही "अरे सुन ना, जरा पाणी आणशील का". मला त्याचं वाईट वाटत नाही फार. आजीला वाटायचं.

निळी_शाई

सगळ्यांचं वाचलं. चांगलं लिहिताय. पण धाग्यात बाबासाहेबांचं नाव फक्त यादीत आलंय, स्कॉलरशिप दिली, टिकमार्क, पुढे. त्यावर लिहिणं भाग आहे.

महाराजांनी दरमहा साडेअकरा पौंड दिले, १९१३ ला बाबासाहेब कोलंबियाला गेले, अट अशी की परत येऊन बडोद्याची नोकरी करायची. १९१७ च्या सप्टेंबरमध्ये आले. स्टेशनवर घ्यायला कोणी नाही. हिंदू खाणावळीत जागा मिळणार नाही हे माहीतच होतं म्हणून पारशी धर्मशाळेत नाव बदलून राहिले. कचेरीत शिपाई फायली लांबून टाकायचे. थोड्याच दिवसांत एका सकाळी काठ्या घेऊन पारश्यांचा घोळका आला आणि बाहेर काढलं. हिंदू मित्राकडे विचारलं, ख्रिस्ती मित्राकडे विचारलं, दोघांनीही काहीतरी कारण सांगितलं. मग कमाटी बागेत झाडाखाली बसून राहिले, रात्रीच्या गाडीने मुंबई.

आता हिशेब लावा. सक्तीचं शिक्षण पूर्ण राज्यात १९०६ ला लागू झालं होतं. अंत्यज (अस्पृश्य) मुलांच्या शाळा तर १८८० च्या दशकातच निघाल्या होत्या, तिथे शिकवायला हिंदू मास्तर तयार होईनात म्हणून मुसलमान मास्तर नेमले, पुढे १९०८ ला आर्यसमाजी पंडित आत्माराम आले त्यांनी वसतिगृहं चालवली. कायदे होते, बजेट होतं, राजाची इच्छा खरी होती, यात मला शंका नाही. आणि ज्या माणसावर त्या राज्याने सर्वांत चांगला पैसा खर्च केला त्याला त्याच राज्याच्या राजधानीत झोपायला खोली मिळाली नाही. राजा आधुनिक होता. खोली भाड्याने देणारे, फाइल हातात देणारे, मास्तर, कारकून, हे आपण होतो. (आपण म्हणजे तुम्ही. आमचे आजोबा तेव्हा गावकुसाबाहेर होते.)

तुम्ही विचारता आपण कोण, जिंकणारे की मानकरी की रहिवासी. आमच्या घरात हा प्रश्नच वेगळा आहे. मराठी राज्य आलं तेव्हा आम्ही खाली होतो, इंग्रज आला तेव्हा खाली होतो. फरक इतकाच की दुसऱ्याच्या वेळी फौजेत जागा मिळाली आणि शाळेची खिडकी उघडली. म्हणून साम्राज्य वाईट की चांगलं या वादात आम्हाला तुमच्याइतकं घाईने मत देता येत नाही.

राजमहालरोड

निळी_शाई, हे धाग्याच्या मुख्य भागात असायला हवं. आमच्या आजोबांची पिढी त्याच कचेऱ्यांत होती. फायली टाकणाऱ्यांची नावं कुठे नोंदलेली नाहीत, पण ती सगळीच्या सगळी परक्यांची असतील असं मानायचं काही कारण नाही.

वाडीची_वहिनी

कमाटी बागेतल्या त्या जागेला आता संकल्पभूमी म्हणतात. दसऱ्याला खूप लोक येतात. आमच्या भागातून कोणी गेलेलं मी पाहिलेलं नाही, हेही इथेच लिहून ठेवते.

गुज्जू_मराठी_मिक्स

नमस्कार, मी नेहमी फक्त वाचते, आज लिहिते, चुका असल्या तर चालवून घ्या. आई मराठी, पप्पा अमरेलीचे.

तुम्ही सगळे बडोदा बडोदा करताय पण गायकवाडी म्हणजे फक्त बडोदा नव्हतं ना. नकाशा बघा, कडी-मेहसाणा एकीकडे, नवसारी एकीकडे, अमरेली काठेवाडच्या मधे, ओखामंडळ तर द्वारकेला, मधे मधे दुसऱ्यांची राज्यं. कपडा फाडून तुकडे टाकल्यासारखं. ते असं का, तर जिथे जिथे फौजेला वसुली मिळाली तिथे तिथे ठाणं. काठेवाडच्या मुलुखगिरीचं गायकवाडांचं मुख्य ठाणं आमचं अमरेली. आणि सक्तीच्या फुकट शिक्षणाचा प्रयोग १८९३ ला सगळ्यात आधी कुठे केला? अमरेली तालुक्यातच! राजमहालरोडकाका, तुम्ही जे दोन तुकडे म्हणता ना, १८७५ च्या आधीचा आणि नंतरचा, ते आमच्या गावात एकाच जागेवर आहेत. जिथून खंडणीची फौज निघायची तिथेच मग पट मांडायला मास्तर आले.

माझ्या पप्पांच्या आजी शाळेत गेल्या होत्या त्याच नियमामुळे. मुलींना पण सक्ती होती, पाठवलं नाही तर दंड. त्या सांगायच्या (मी नाही ऐकलं, पप्पांनी ऐकलं) की त्यांच्या बापाने दंड भरून बघितला, मग हिशेब केला की दंडापेक्षा पोरगी शाळेत गेलेली स्वस्त. आठ-नऊ वर्षांची असताना रामायण वाचायला लागली, मग गावातल्या बायका दुपारी तिच्याकडे चिठ्ठ्या वाचायला यायच्या. त्या घरात गायकवाड सरकारबद्दल दोन्ही बोललं जायचं, आधीच्यांनी लुटलं आणि या राजाने शिकवलं, आणि दोन्ही एकाच दमात, कोणाला त्यात काही विचित्र वाटायचं नाही. तो राजा मराठी आहे हे त्यांच्या बोलण्यात यायचंच नाही. शाळा गुजराती होती ना.

म्हणून मला वाटतं तुम्ही लोक जे विचारता "आपलं काय उरलं", त्याचं उत्तर मराठीत शोधाल तर थोडंसंच मिळेल. जे गुजरातीत दिलं ते पूर्ण गुजरातभर उरलंय.

डभोईवाला

बेन, सिक्सर.

राजमहालरोड

अमरेलीचं मला या बाजूने कधी सुचलं नव्हतं. माझा आख्खा पहिला पोस्ट यात येतो.

लायब्ररीचं पण तसंच बघा. १९१० ला महाराजांनी अमेरिकेतून बॉर्डन नावाचा ग्रंथपाल आणला, तीन वर्षं ठेवला. सेंट्रल लायब्ररी सगळ्यांना माहीत आहे, तो काचेच्या लाद्यांचा मजला, खालच्या मजल्यावर उजेड पोचावा म्हणून. पण खरं काम खेड्यांत झालं. गावाने एक तृतीयांश पैसे जमवायचे, एक तृतीयांश जिल्ह्याकडून, एक तृतीयांश सरकार देणार. आणि जिथे लायब्ररी होऊ शकत नाही तिथे लाकडी पेट्यांतून पुस्तकं फिरवायची, एका गावाने वाचली की पेटी पुढच्या गावाला. पद्धत अमेरिकन, पैसा गायकवाडी आणि गावचा मिळून, पुस्तकं बहुतेक गुजराती. त्यांचं मासिक निघायचं ते इंग्रजी, गुजराती आणि मराठी तीन भाषांत. आता मराठी मंडळाच्या लायब्ररीत जा, आमच्यासारखी चार म्हातारी पेपर वाचत असतात, तेही पंख्याखालची खुर्ची मिळाली तर.

पेठेतला

दिल्ली दरबारचा वाद राहिला. पाठ दाखवली की नाही?

राजमहालरोड

एकदा वाकले, पाठ फिरवून गेले, हातात काठी, अंगावर दागिने जवळजवळ नाहीत. एवढं दिसलं, त्याची फिल्म पण आहे. नंतर व्हाइसरॉयला दिलगिरीचं पत्र दिलं हेही तितकंच खरं. आपल्या घरात पहिला भाग सांगतात, लंडनच्या पेपरांनी तेव्हा तोच भाग उलट्या बाजूने तापवला. मला स्वतःला पत्र लिहिणारा राजा जास्त समजतो. अरविंद घोष १९०६ पर्यंत याच्याच कॉलेजात शिकवत होते, मग बंगालात जाऊन काय केलं जगाला माहीत, रेसिडेंटची नजर सतत, मल्हाररावांचं काय झालं ते या माणसाला गादीवर बसल्या दिवसापासून माहीत होतं. अशा माणसाने शाळा, कायदे, लायब्ररी यांत जोर लावला कारण तिथे कोणी हात धरत नव्हतं. फौज तर वापरू देत नव्हतेच. फौज वापरता न येणाऱ्या मराठा राजाने करायचं काय, तर भटजींची परीक्षा घ्यायची! (१९१५ चा पुरोहित कायदा, परीक्षा पास झाल्याशिवाय पौरोहित्य नाही. आमच्या पणजोबांनी दिली होती म्हणतात.)

आता हा धागा का काढला ते सांगतो. आमच्या मंडळाचं यंदाच्या गणपतीत "बडोदा आणि मराठी माणूस" असं प्रदर्शन आहे, मोठे बोर्ड, फोटो, मजकूर. कमिटीने यादी दिली ती १८७५ ते १९४९. मी म्हटलं सुरुवात सोनगडपासून करू आणि १९१७ चा एक पूर्ण बोर्ड करू. तर एक ज्येष्ठ म्हणाले उत्सवात नको ते कशाला उकरायचं, आणि मुलुखगिरी लावली तर गुजराती लोक काय म्हणतील.

गुज्जू_मराठी_मिक्स

गुजराती लोकांना माहीतच आहे काका :) अमदावादमध्ये गायकवाड हवेली अजून उभी आहे, तिचं नाव कोणी बदललेलं नाही. तुम्ही लिहिलं नाही तर उलट वाटेल की लपवताय.

निळी_शाई

१९१७ चा बोर्ड करणार असाल तर फक्त झाडाखाली बसलेलं चित्र नको, ते सगळे लावतात. काठ्या घेऊन आलेले लोक आणि फायली टाकणारे शिपाई पण मजकुरात हवेत. आणि पुढचं एक वाक्य, की याच माणसाने ३२ वर्षांनी देशाची घटना लिहून पूर्ण केली, त्याच १९४९ साली बडोदा राज्य विलीन झालं. बाकी काही जोडू नका.

लष्करकर

शेवटचा बोर्ड १ मे १९४९ चा करा. मुंबई राज्यात विलीन झालं ती तारीख तीच ना? मग अकरा वर्षांनी १ मे लाच दोन राज्यं झाली.

राजमहालरोड

हो तीच. दर १ मे ला पुण्याचे नातेवाईक महाराष्ट्र दिनाचे मेसेज पाठवतात, सोसायटीच्या ग्रुपवर गुजरात स्थापना दिनाचे येतात, आणि आपलं राज्य त्याच तारखेला संपलं हे दोन्हीकडे कोणाच्या गावी नाही.

पण मला १९४९ ला थांबवायचं नाहीये. त्याच साली एमेस युनिव्हर्सिटी झाली, इंग्रजी माध्यमाची. आपल्या मराठी शाळांची पटसंख्या कमी झाली की आपण गुजराती सरकारला बोल लावतो, आणि पोरं कुठे घालतो? माझी दोन्ही इंग्रजी मीडियमला. शेजारच्या पटेलांचीही तिथेच, गुजराती शाळाही तितकीच ओस. २०१८ ला ९१ वं साहित्य संमेलन इथे भरलं तेव्हा मांडवात जी गर्दी होती तिच्यातल्या किती घरांतली पोरं मराठी वाचतात ते मोजायची कोणाची हिंमत नाही, माझीही नाही. हा बोर्ड कमिटी कदापि पास करणार नाही पण मजकूर मी लिहिणार.

वाडीची_वहिनी

मजकूर दोन्ही भाषांत करा, नाहीतर मंडळाचीच माणसं मंडळाचंच वाचून घरी जातील. आणि तांबेकर वाड्यातल्या लढाईच्या भिंतीचा फोटो सोनगडच्या बोर्डाशेजारी लावा. परवानगीचं मी बघते, ऑफिसात ओळख आहे.

गुज्जू_मराठी_मिक्स

गुजराती मजकूर मी करून देते, पप्पा तपासतील. अमरेलीचा बोर्ड मात्र एकच करा हां, वर फौज आणि खाली शाळा, दोन वेगळे केले तर लोक एकापुढे फोटो काढतील आणि दुसरा सोडून देतील.

राजमहालरोड

एकच करू. रविवारी कमिटीची मीटिंग आहे, त्याआधी तुमचा मजकूर मिळाला तर बरं, म्हणजे छापायला टाकूनच मीटिंगला जातो.

पेठेतला

छापायच्या आधी डभोईच्या लढाईचा परिच्छेद मला पाठवा. एक तरी पुणेकर बघायला नको का त्यात.